सत्तावनच्या स्वातंत्र्ययुद्धातील स्त्रिया

एखाद्या घटनेला आपण कोणते नाव देतो, यावरून आपण कोणाच्या बाजूने तिच्याकडे पाहतो हे कळते. १८५७ साली उत्तर हिंदुस्थानात इंग्रजांविरुद्ध जो मोठा लढा झाला, त्याला इंग्रजांनी 'शिपायांचे बंड' असे नाव दिले. जुन्या माणसांच्या बोलण्यात त्याला 'गदर' म्हणत. उर्दूत तुम्ही त्याला 'जंग-ए-आजादी' म्हणता. मराठीत आपण त्याला 'अठराशे सत्तावनचे स्वातंत्र्ययुद्ध' म्हणतो.

'शिपायांचे बंड' या नावात एक मोठी अडचण आहे. शिपाई म्हणजे पलटणीतला पुरुष. बंड जर फक्त शिपायांचे असेल, तर त्यात शेतकरी नाही, कारागीर नाही आणि स्त्री तर नाहीच. हे नाव एकदा मान्य केले की झाशीची राणी आणि बेगम हजरत महल ही दोन नावे तेवढी अपवाद म्हणून उरतात. प्रत्यक्षात तसे नव्हते. त्या दोन वर्षांत स्त्रियांनी दरबार चालवला, मोर्चे बांधले, दारूगोळा वाहिला, तोफा डागल्या, घोड्यावर बसून तलवार चालवली. राजघराण्यातील स्त्रिया त्यांत होत्या, तशा गरीब घरच्याही होत्या.

काडतुसांची हकीकत तुम्ही इतिहासाच्या पुस्तकात वाचली आहे. गाय व डुक्कर यांची चरबी लावलेली काडतुसे दातांनी तोडावी लागतात, या समजुतीने शिपाई खवळले आणि १० मे १८५७ रोजी मीरत येथे उठाव झाला. परंतु असंतोष त्याआधीच साचत आला होता, आणि तो केवळ छावण्यांत नव्हता. लॉर्ड डलहौसीने एकामागून एक संस्थाने खालसा केली. कोठे दत्तक वारस नामंजूर केला, तर कोठे राज्यकारभार नीट चालत नाही असे कारण पुढे केले. संस्थान खालसा झाले की राजा तर जाईच, पण त्याच्या फौजेतील माणसे, कारकून, खानसामे, कारागीर, दरबारी कलावंत अशा हजारोंचा रोजगारही जाई. पगार थांबला की त्याची झळ आधी चुलीला लागते. ही झळ स्त्रियांनी सोसली होती. म्हणून उठाव झाला तेव्हा त्यांना तो परका वाटला नाही.

अवध हे असेच एक राज्य होते. फेब्रुवारी १८५६ मध्ये इंग्रजांनी ते खालसा केले. नवाब वाजिद अली शाह कलकत्त्याला गेला. त्याची एक बेगम मागे लखनौतच राहिली. ती फैजाबादच्या एका सामान्य घरातील मुलगी. तिचे मूळ नाव मुहम्मदी खानम. लहान वयातच ती राजवाड्यात सेविका म्हणून आली आणि पुढे नवाबाची बेगम झाली. मुलगा झाल्यावर तिला 'हजरत महल' हा किताब मिळाला. पण महालातील मर्जी पावसाच्या सरीसारखी असते. नवाबाने तिला काही वर्षांतच दूर केले होते. थोडक्यात, ज्या राज्यासाठी ती पुढे लढली, त्या राज्याच्या मालकाने तिला फारसे काही दिलेले नव्हते.

३० जून १८५७ रोजी लखनौजवळच्या चिनहट गावी इंग्रज फौजेचा पराभव झाला. सर हेन्री लॉरेन्स आपल्या लोकांसह मागे हटला आणि शहरातील रेसिडेन्सीच्या आवारात अडकला. शिपाई व इंग्रजांकडील माणसे मिळून सुमारे तीन हजार लोक त्या वेढ्यात सापडले. आता उठावाच्या पुढाऱ्यांपुढे प्रश्न होता तो गादीचा. नवाब कलकत्त्याला फोर्ट विल्यमच्या किल्ल्यात इंग्रजांच्या कैदेत होता. त्याच्या एखाद्या मुलाला गादीवर बसवावे, असे शिपायांच्या सरदारांनी ठरवले. इतर बेगमा घाबरल्या. इकडे आपण मुलाला नवाब केले आणि तिकडे इंग्रजांनी कैदेतल्या नवाबाचा जीव घेतला तर? ही भीती खोटी नव्हती. हजरत महलने मात्र आपला मुलगा पुढे केला. त्याचे नाव बिरजिस कद्र. वय अवघे अकरा-बारा वर्षे. म्हणजे तुमच्यापेक्षाही लहान. जुलै १८५७ च्या पहिल्या आठवड्यात त्याला गादीवर बसवण्यात आले. दिल्लीच्या बादशहाचे वर्चस्व मान्य राहील, असे त्या वेळी ठरले. कारभार अर्थातच आईच्या हाती आला.

हा कारभार सोपा नव्हता. लखनौत फौजा अनेक होत्या आणि प्रत्येकीचा सरदार वेगळा. तालुकेदार आपापली माणसे घेऊन येत आणि शेतीचा हंगाम आला की निघूनही जात. पगाराला पैसा हवा, तोफांना दारू हवी, शहराला धान्य हवे. त्यातच मौलवी अहमदुल्ला शाह हा शूर पण स्वतंत्र बाण्याचा पुढारी बेगमच्या दरबाराला जुमानत नसे. बेगमचा फौजेशी संबंध ठेवण्याचे काम राजा जयलाल सिंग याच्याकडे होते. पुढे इंग्रजांनी त्याला फाशी दिले. ज्या स्त्रीने आयुष्य महालाच्या भिंतींआड काढले, तिला एका वर्षात सैन्य, खजिना, तह आणि फितुरी यांचे सारे धडे शिकावे लागले. १८५८ च्या प्रारंभी आलमबाग येथे इंग्रजांचा तळ होता. त्यावरील एका हल्ल्याच्या वेळी ती स्वतः हत्तीवर बसून रणांगणावर आली होती. लंडनच्या 'टाइम्स' पत्राचा बातमीदार रसेल तेव्हा इंग्रज फौजेबरोबर होता. बेगमचा उत्साह आणि कर्तबगारी त्याने आपल्या रोजनिशीत मान्य केली आहे.

लखनौची हकीकत सांगताना सिकंदर बागेपाशी थांबायलाच हवे. ही बाग वाजिद अली शाहने आपल्या सिकंदर महल नावाच्या बेगमसाठी बांधली होती. भोवती उंच, भक्कम भिंत. नोव्हेंबर १८५७ मध्ये सर कॉलिन कॅम्पबेल मोठी फौज घेऊन रेसिडेन्सी सोडवायला आला. १६ नोव्हेंबरला त्याच्या सैनिकांनी या बागेवर हल्ला केला. आतील लोकांना बाहेर पडायला वाट नव्हती. जवळजवळ दोन हजार माणसे त्या एका दिवसात तेथे मारली गेली. मृतांत काही हबशी स्त्रियाही होत्या. त्या लढता लढता पडल्या होत्या.

लढाई संपल्यानंतरची एक गोष्ट फोर्ब्स-मिचेल नावाच्या इंग्रज फौजेतील सार्जंटाने आपल्या आठवणींच्या पुस्तकात लिहून ठेवली आहे. हे पुस्तक १८९३ साली निघाले. बागेत पिंपळाचे एक मोठे झाड होते. त्याच्या बुंध्याशी गार पाण्याची मडकी ठेवलेली होती. थकलेले, तहानलेले गोरे सैनिक पाणी प्यायला आणि सावलीला तेथे जात. काही वेळाने एका कप्तानाच्या लक्षात आले की झाडाखाली बरीच प्रेते पडली आहेत. त्याने जखमा तपासल्या. गोळ्या वरून खाली आलेल्या होत्या! त्याने एका सैनिकाला झाडावर नजर टाकायला सांगितले. पानांत कोणीतरी बसलेले दिसले. सैनिकाने नेम धरला, बार उडाला आणि एक देह खाली पडला. अंगात तांबडा तंग अंगरखा आणि गुलाबी विजार होती. अंगरखा उघडला तेव्हा कळले की ती स्त्री आहे. तिच्याजवळ जुन्या पद्धतीची दोन जड पिस्तुले होती. एक अजून भरलेलेच होते आणि कमरेची थैली अर्धी शिल्लक होती. सहाहून अधिक सैनिक तिने एकटीने टिपले होते. स्त्री आहे हे कळताच गोळी झाडणाऱ्या सैनिकाला रडू कोसळले, असे फोर्ब्स-मिचेल लिहितो.

त्याने तिचे नाव लिहिलेले नाही. त्याला ते कळणारही नव्हते. पण लखनौच्या परिसरातील पासी समाजाने ते नाव जपून ठेवले. ती ऊदा देवी, असे हे लोक पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले. आज सिकंदर बागेजवळ तिचा पुतळा उभा आहे. पाहा, एकीकडे शत्रूचे पुस्तक आहे. त्यात कपड्यांचा रंग आहे, पिस्तुलांची संख्या आहे. नाव तेवढे नाही. दुसरीकडे गरीब लोकांची आठवण आहे. तिच्यात तारीख-वार नाही, पण नाव आहे. इतिहास समजून घ्यायचा तर ही दोन्ही साधने जवळ लागतात. मला स्वतःला तर त्या पाण्याच्या मडक्यांचा तपशील विसरता येत नाही. शत्रूला तहान लागणारच आणि तो सावलीत येणारच, हे त्या स्त्रीने ओळखले होते. हे निव्वळ धाडस नाही. त्यामागे डोके आहे.

आता झाशीकडे वळू. झाशीच्या राणीची कथा तुम्ही चौथीपासून ऐकत आला आहात, म्हणून ती सगळी येथे सांगत नाही. तिचे माहेरचे नाव मणिकर्णिका. वडील मोरोपंत तांबे हे मराठी गृहस्थ पेशव्यांच्या घराण्याच्या आश्रयाने काशीस राहत. १८४२ साली झाशीचे राजे गंगाधरराव नेवाळकर यांच्याशी तिचा विवाह झाला. तिचा मुलगा काही महिन्यांचा होऊन वारला. नोव्हेंबर १८५३ मध्ये मृत्यूच्या आदल्या दिवशी गंगाधररावांनी दत्तक घेतला, पण डलहौसीने तो नामंजूर करून झाशी खालसा केली. राणीला महिना पाच हजार रुपये पेन्शन देऊ केले.

एक गोष्ट मात्र सांगायला हवी, कारण ती बहुतेक पुस्तकांत गाळली जाते. राणीने पहिल्या दिवशीच तलवार उपसली नव्हती. आधी तिने अर्ज केले. जॉन लँग नावाच्या वकिलाचा सल्ला घेतला. लंडनपर्यंत दाद मागितली. जून १८५७ मध्ये झाशीच्या शिपायांनी उठाव करून तेथील इंग्रजांना मारले. त्यानंतर राणीने सागरच्या कमिशनरला पत्रे लिहून परिस्थिती कळवली आणि त्याच्या संमतीने जिल्ह्याचा बंदोबस्त हाती घेतला. पुढे ओरछाच्या फौजेने झाशीवर चाल केली, तेव्हा तिने फौज उभी केली, तोफा ओतवल्या आणि झाशी राखली. इंग्रजांनी मात्र तिला गुन्हेगार ठरवले होते. मार्च १८५८ मध्ये सर ह्यू रोझ तोफखाना घेऊन झाशीपुढे येऊन ठेपला, तेव्हा शरण जाणे किंवा लढणे एवढे दोनच रस्ते उरले. हे सांगितल्याने राणीचा मोठेपणा कमी होतो, असे काहींना वाटते. मला तसे वाटत नाही. सर्व बाजूंनी विचार करून, परिणाम दिसत असताना जो लढायला उभा राहतो, त्याचे धैर्य अधिक मोलाचे असते.

झाशीच्या वेढ्याचे वर्णन मराठीत एका डोळ्यांनी पाहणाऱ्या माणसाने केले आहे. विष्णुभट गोडसे हे पेणजवळच्या वरसई गावचे गरीब भिक्षुक. उत्तरेत मोठा यज्ञ होणार आहे, चांगली दक्षिणा मिळेल, या आशेने ते काकांबरोबर घरून निघाले आणि नेमके या धामधुमीत सापडले. वेढा पडला तेव्हा ते झाशीतच होते. शहर पडल्यावर झालेली लूट, आगी आणि कत्तल त्यांनी पाहिली. स्वतः लुटले गेले, कसेबसे जीव वाचवून निघाले आणि अखेर गंगेची कावड घेऊन घरी पोचले. त्यांनी लिहिलेले 'माझा प्रवास' हे पुस्तक १९०७ साली प्रसिद्ध झाले. तुमचे मराठी आणखी थोडे पक्के झाले की ते जरूर वाचा. भाषा जुनी आहे, पण एखादे वडीलधारे माणूस ओसरीवर बसून सांगत आहे, असे वाटते.

त्यांतील एक प्रसंग सांगतो. झाशी सोडून राणी काल्पीकडे निघाली होती. वाटेत एका विहिरीपाशी गोडसे भटांची आणि तिची गाठ पडली. अंगावर पुरुषी वेष, सारे अंग धुळीने भरलेले, चेहरा तहानेने सुकलेला. गोडसे भट तिच्यासाठी पाणी काढायला पुढे झाले. तिने त्यांना थांबवले. आपण विद्वान ब्राह्मण, आपण माझ्यासाठी पाणी काढू नये, असे म्हणून तिने स्वतः दोरी हाती घेतली, पाणी काढले आणि ओंजळीने प्यायली. काही आठवड्यांपूर्वीची झाशीची मालकीण विहिरीवर स्वतः पाणी ओढत होती.

वेढ्यात राणी एकटी नव्हती. ह्यू रोझच्या फौजेतील अधिकाऱ्यांनी दुर्बिणीतून पाहिलेले दृश्य लिहून ठेवले आहे. झाशीच्या तटावर स्त्रिया मोर्च्यांवर काम करत होत्या आणि दारूगोळा वाहून नेत होत्या. बुरुजांवर तोफांचा मारा चालू असताना ओझे घेऊन तटावर चढणे म्हणजे काय, याची कल्पना करा. तेथे हातात शस्त्रही नसते. या स्त्रियांपैकी एकीचेही नाव इंग्रजांच्या कागदात नाही. झाशीच्या किल्ल्यात गेलात तर एक कबर दाखवतात. राणीचा प्रसिद्ध गोलंदाज गुलाम गौस खान, खुदाबक्ष आणि मोतीबाई या तिघांची ती जागा. मोतीबाई ही गंगाधररावांच्या नाटकशाळेतील कलावंतीण. तीही तोफेवर होती, असे झाशीचे लोक सांगतात.

झलकारीबाईचे नाव तुमच्यापैकी काहींनी ऐकले असेल. ती कोरी समाजातील, म्हणजे विणकरांच्या घरातील स्त्री. रूपाने ती राणीसारखी दिसे. राणी किल्ल्यातून निसटत असताना झलकारीने राणीचा वेष घेऊन शत्रूला चकवले, अशी बुंदेलखंडातील लोककथा आहे. तिचे नाव सर्वदूर पोचले ते लोकांच्या तोंडून आणि १९४६ साली निघालेल्या वृंदावनलाल वर्मा यांच्या हिंदी कादंबरीतून. २००१ साली भारत सरकारने तिचे टपाल तिकीटही काढले.

जून १८५८ मध्ये ग्वाल्हेरजवळ कोटा की सराई येथे राणी घोडेस्वाराच्या वेषात लढताना पडली. तिची मुंदर नावाची सखी नेहमी तिच्याबरोबर असे. तीही त्याच लढाईत पडली, असे सांगतात.

मध्य हिंदुस्थानात रामगडच्या राणी अवंतीबाईनेही शस्त्र उचलले आणि मार्च १८५८ मध्ये शत्रूच्या हाती लागण्यापूर्वी स्वतःचा शेवट करून घेतला.

कानपूरची अजीजन ही या सर्वांत वेगळी. ती नाचगाण्यावर पोट भरणारी तवायफ होती. कानपूरच्या घोडेस्वार पलटणीतील लोकांची तिच्याकडे ऊठबस असे. जून १८५७ मध्ये नानासाहेब पेशव्यांच्या बाजूच्या फौजेने जनरल व्हीलरच्या छावणीला वेढा घातला. त्या दिवसांत अजीजन पुरुषी पोशाखात, पिस्तुले लावून, घोड्यावर बसून सवारांबरोबर फिरताना लोकांनी पाहिली. ही हकीकत ज्याने आपल्या रोजनाम्यात लिहिली, तो नानकचंद वकील नानासाहेबांचा विरोधक होता. स्तुती करण्याचे त्याला काहीच कारण नव्हते.

आपल्याकडील काही लेखक अजीजनचे नाव घ्यायला संकोचतात. तिचा पेशा त्यांना आड येतो. मला हा संकोच पटत नाही. लखनौ सर झाल्यावर इंग्रजांनी ज्यांची मालमत्ता जप्त केली, त्यांच्या याद्यांत लखनौच्या तवायफांचीही नावे होती. त्यांची घरे गेली, बागा गेल्या. उठावाला त्यांनी मदत केली, हा त्यांच्यावरील आरोप होता. म्हणजे इंग्रजांनी त्यांना शत्रू म्हणून मोजले. आपण मात्र त्यांना आपल्यात मोजायला कचरतो!

दिल्लीच्या वेढ्यातही अशी एक स्त्री होती. उर्दू पुस्तकांत तिला 'सब्जपोश' म्हटले आहे. हिरवे कपडे घातलेली ही वयस्क मुसलमान स्त्री घोड्यावर बसून शहरातील लोकांना लढायला चेतवी आणि स्वतः बंदूक व तलवार घेऊन टेकडीवरील इंग्रजांच्या ठाण्यांवर चालून जाई. एका चकमकीत ती पकडली गेली. हॉडसन नावाच्या अधिकाऱ्याने जुलै १८५७ मध्ये तिला अंबाल्याला पाठवले. तिला सोडू नका, ती धोकादायक आहे, अशा अर्थाचे पत्र त्याने सोबत दिले. पुढे तिचे काय झाले, ते कोणत्याही कागदात नाही. दिल्ली पडल्यावर लाल किल्ल्यातील शहजाद्यांवर जी वेळ आली, तिच्या कथा ख्वाजा हसन निजामी यांनी 'बेगमात के आँसू' या पुस्तकात सांगितल्या आहेत. उर्दूच्या तासाला त्यांचे नाव तुम्ही ऐकलेच असेल.

पुन्हा लखनौला येऊ. मार्च १८५८ मध्ये कॅम्पबेल दुसऱ्यांदा आला. या वेळी त्याच्याबरोबर प्रचंड तोफखाना होता आणि नेपाळच्या जंगबहादूर राणाची गुरखा फौजही होती. बेगमच्या लोकांनी शहराभोवती बचावाच्या तीन फळ्या बांधल्या होत्या. त्या एकामागून एक पडल्या. शहर हातचे गेले तरी बेगम शरण गेली नाही. मुलाला घेऊन ती घागरा नदीपलीकडे बौंडीच्या किल्ल्यात गेली आणि तेथून लढा चालू ठेवला.

१ नोव्हेंबर १८५८ रोजी अलाहाबाद येथे राणी व्हिक्टोरियाचा जाहीरनामा वाचण्यात आला. कंपनीचे राज्य संपले, आता राणीचे राज्य सुरू झाले. कंपनीने केलेले तह पाळले जातील, कोणाच्या धर्मात हात घातला जाणार नाही, इंग्रजांच्या खुनात ज्यांचा हात नाही त्यांना माफी मिळेल, असे त्यात म्हटले होते. दमलेल्या लोकांना हे शब्द गोड वाटणे साहजिक होते. बेगमने ते ओळखले. डिसेंबर १८५८ मध्ये मुलाच्या नावाने तिने उलट जाहीरनामा काढला. 'जाहीरनामा' हा शब्द तुम्हांला परका नाही. मराठी आणि उर्दू या दोन्ही भाषांनी तो फारसीतून घेतला आहे. पण या जाहीरनाम्याची पद्धत जरा बारकाईने पाहण्यासारखी आहे. त्यात शिव्याशाप नाहीत. राणीचे एकेक वाक्य घेऊन त्याचा एखाद्या वकिलासारखा समाचार घेतला आहे.

राणी म्हणते, कंपनीचे तह आम्ही पाळू. बेगम विचारते, कंपनीने तर सारा हिंदुस्थान गिळला. तीच व्यवस्था पुढे चालणार असेल, तर यात नवीन ते काय? राणी म्हणते, आम्हांला कोणाचा मुलूख नको. बेगम विचारते, मग आमची रयत मागत असताना आमचा मुलूख परत का देत नाही? दिलेला शब्द इंग्रजांनी कसा मोडला, याची ती उदाहरणेच देते. भरतपूर, लाहोर, टिपू सुलतान, काशीचा राजा यांची नावे त्यात येतात. पुणे-साताऱ्याकडून हद्दपार करून बिठूरला आणून ठेवलेल्या पेशव्याचाही त्यात उल्लेख आहे. अवधच्या बेगमला पुण्याच्या पेशव्याची आठवण व्हावी, हे मराठी वाचणाऱ्यांनी लक्षात ठेवण्यासारखे आहे.

माफीविषयी ती लोकांना सावध करते. शब्द इतके मोघम आहेत की वाटेल त्याला दोषी ठरवता येईल, असे ती सांगते. शेवटी ती रस्ते आणि कालवे यांकडे वळते. इंग्रज सुधारणा करणार म्हणतात, पण हिंदुस्थानी माणसाला रस्ते बांधणे आणि कालवे खणणे यांपेक्षा चांगले काम देण्याचे वचन त्यात कोठेच नाही. याचा अर्थ ज्याला कळत नाही त्याला कोण काय करणार, असे ती म्हणते. परक्या राज्यातील सुधारणांत आपल्या माणसाची जागा मजुराचीच राहणार, ही गोष्ट १८५८ साली जंगलाच्या कडेला फौज घेऊन बसलेल्या एका बाईच्या दरबारातून सांगितली गेली. हीच तक्रार पुढे सुशिक्षित पुढाऱ्यांनी सभांतून आणि वर्तमानपत्रांतून मांडली.

जाहीरनाम्याने युद्ध फिरले नाही. त्याच हिवाळ्यात इंग्रज फौजांनी बेगमच्या लोकांना नेपाळच्या तराईत रेटले. तेथे थंडी, उपासमार आणि हिवताप यांनी कित्येक जण मेले. ज्याची फौज लखनौवर चालून आली होती, त्याच जंगबहादूराकडे बेगमला आश्रय मागावा लागला. त्याने आधी नकार दिला, नंतर राहू दिले. ती पुन्हा हिंदुस्थानात परतली नाही. १८७९ साली काठमांडूत तिचा इंतकाल झाला. तेथील जामा मशिदीजवळ तिची कबर आहे. बिरजिस कद्र आईनंतर बऱ्याच वर्षांनी कलकत्त्याला परत आला.

लखनौच्या हजरतगंज भागात इंग्रजांच्या काळातील एक बाग होती. तिला व्हिक्टोरिया पार्क म्हणत. १५ ऑगस्ट १९६२ रोजी त्या बागेला बेगम हजरत महलचे नाव देण्यात आले आणि तेथे संगमरवरी स्मारक बांधण्यात आले. १० मे १९८४ रोजी तिच्या स्मरणार्थ टपाल तिकीट निघाले. कोणाच्या घरी जुनी तिकिटे जमवण्याचा छंद असेल, तर ते शोधून वर्गात आणा.